गेलेल्या ‘अ’ची खूण

मंगळवार, २८ जानेवारी

दादा,

मागच्या पत्रातली चूक आधी दुरुस्त करते. बाबांनी तुझ्या मुलासाठी निवडलेलं नाव मी ‘निकेत’ असं कळवलं होतं. ते निकेत नाही, ‘अनिकेत’ आहे. निकेत म्हणजे घर. अनिकेत म्हणजे ज्याला घर नाही तो.

चूक कशी झाली तेही सांगते, म्हणजे काही लपवल्यासारखं होणार नाही. बाबांनी ओळ सांगितली आणि मी लिहून घेतली, त्यांच्याकडे बाळांची नावं मागायला येणाऱ्यांसाठी रोज कार्डं लिहिते तशी. ते खुर्चीत, मी टेबलाशी. तू गेल्यापासून तुझा विषय या खोलीत कुणी काढला नव्हता. त्या दिवशी मात्र वर्तमानपत्र बाजूला ठेवून म्हणाले, “कार्ड घे. लिफ्टवाल्याच्या मुलाला नाव देऊ.” तुझ्या लिफ्टच्या कामावरून तुला हे नाव. मग ओळ म्हणाले. पौत्रो मेनिकेतो भवतु. कानाला एवढंच ऐकू येतं. मध्ये अवग्रह घालून मेऽनिकेतो लिहिलं, तर ‘माझा नातू अनिकेत होवो’. न घालता मे निकेतो असं सुटं लिहिलं, तर ‘माझा नातू माझं घर होवो’. मी दुसरं लिहिलं. विचारलंही नाही. मला तेच ऐकायचं होतं.

अवग्रह तुला आठवतो की नाही कोण जाणे. तू त्याला शेपूट म्हणायचास. शाळेत घालायच्या आधी बाबांनी आपल्याला स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसवून शिकवलं होतं, की दोन शब्द जवळ आले की कधी कधी दुसऱ्याचा ‘अ’ नाहीसा होतो. बोलण्यात तो उरत नाही, पण इथे कुणीतरी होतं एवढं कळावं म्हणून ही खूण. तू ती दर वेळी गाळायचास आणि पट्टी खायचास. एकदा वैतागून म्हणालास, “गेला तर गेला, त्याचं एवढं कौतुक कशाला?” बाबा खो खो हसले होते. ते हसले की मला तेव्हा बरं वाटायचं.

काल वकीलकाका आले होते. बाबांनी त्यांना ओळ म्हणून दाखवली आणि म्हणाले, “मध्ये अवग्रह आहे बरं का.” मी चहा घेऊन दारात होते. तेव्हा मला कळलं.

नावाबद्दल दोन शब्द. नाव वाईट नाही. जुन्या ग्रंथांत ते विरक्त माणसाचं विशेषण म्हणून येतं. ज्याचं मन इतकं ठाम झालं आहे की त्याला चार भिंतींची गरज उरली नाही, तो अनिकेत. शंकराचं नाव म्हणूनही सांगतात, कारण तो उघड्यावर राहतो. अनेक आईबापांनी ते हौसेनं ठेवलं आहे आणि त्यांच्या मुलांना ते शोभतं. नाव ज्याच्या तोंडून येतं, त्याच्याकडे बघावं लागतं, एवढंच माझं म्हणणं.

आपल्याकडे ‘अ’ लावून केलेली नावं किती आहेत बघ. अभय, अशोक, अमर, अजित. प्रत्येकात मुलाकडून काहीतरी वाईट काढून घेतलं आहे. भीती, दुःख, मरण, हार. त्या रांगेत घर कसं येऊन बसलं, हे मला काल दिवसभर उलगडलं नाही.

नाव नोंदवायची घाई करू नकोस. वहिनीला नमस्कार. बाळाच्या, म्हणजे तुमच्या ढब्बूच्या, गालाचा फोटो आईनं फ्रिजला लावला आहे.

तुझी बारकी


सोमवार, ३ फेब्रुवारी

दादा,

तुझं उत्तर मिळालं. “अ असला काय नि नसला काय. नाव दिलं, कार्यक्रमाला बोलावलं, मला पुरे. आम्ही तिघं पंधरा तारखेला निघतो.” हे आईनं माझ्या खांद्यावरून वाचलं आणि ती सरळ तुझ्या खोलीत जाऊन गादी उन्हात टाकायला लागली. त्या खोलीत गेली कित्येक वर्षं कोऱ्या कार्डांचे खोके आहेत. ते तिनं एकटीनं उचलून बाहेर आणले. मी म्हटलं, “आई, थांब, मी येते.” तर म्हणाली, “तू लिही तुझं. लेकरू येतंय, त्याला काय पुठ्ठ्यावर झोपवायचं?”

म्हणून मला उरलेलं सांगावं लागतंय. मागच्या पत्रात मी काही खोटं लिहिलं नाही, पण थांबले लवकर.

वकीलकाकांना अवग्रहाचं सांगून झाल्यावर बाबा म्हणाले, “घर त्याला दिलं नाही, मग त्याच्या पोराला कुठून देणार? पण आजोबा आहे मी, काहीतरी दिलं पाहिजे. नाव दिलं.” वकीलकाकांना आधी समजलं नाही. मग बाबांनी फोड करून सांगितली. अ अधिक निकेत. काका म्हणाले, “सर, म्हणजे बेदखलीची नोटीसच दिलीत की, तीही मंत्र म्हणून!” आणि दोघं हसले. काकांच्या पोटावरची बटणं हलेपर्यंत हसले.

मी अशी सगळी हकिगत लिहिते म्हणून तू मला नेहमी पोलीस म्हणतोस. पण बघ, मला त्या शब्दांपेक्षा दुसऱ्याच एका गोष्टीची किळस आली आणि ती अजून जात नाही. बाबा हल्ली घशासाठी गोळ्या चघळतात. बोलायचं असलं की अर्धी चघळलेली गोळी काढून बशीच्या कडेला चिकटवतात, बोलणं झालं की पुन्हा तोंडात. नाव विचारायला आलेल्या माणसांसमोरही. फोड सांगण्याआधी त्यांनी ती गोळी काढली, आणि सगळं सांगून झाल्यावर, हसून झाल्यावर, परत तोंडात टाकली आणि दातांवरून फिरवली. टक्, टक्. तेवढ्यात माझ्याकडे बघून म्हणाले, “साखर कमी आहे गं चहात.”

ती बशी मीच विसळते. पूर्वी काही वाटत नव्हतं.

तू घर सोडलंस त्या दिवसाचं मी कधी लिहिलं नाही, पण या दिवसांत तेच आठवतं. ते जोडपं जिन्यात थांबलं होतं, हातात माझ्या अक्षरातलं कार्ड. दृयांश, अर्थ ‘दिव्य प्रकाशाचा अंश’. त्यांनी तुला सहज विचारलं, नाव छान आहे ना? आणि तू म्हणालास, “हा शब्द कोशात नाही, बाबांच्या खिशात आहे.” ते पुन्हा वर आले. बाबांनी त्यांना गोड बोलून वाटेला लावलं, आणि संध्याकाळी तुझे बूट उचलून दाराबाहेर ठेवले. तू बरोबर होतास, दादा. तसा शब्द नाही. कार्ड मी लिहिलं होतं आणि तेव्हाही मला ठाऊक होतं.

आता तर दर आठवड्याला असं एखादं होतं. लोकांना ‘य’पासून हवं, दोन अक्षरी हवं, इमारतीत दुसऱ्या कुणाचं नसलेलं हवं. बाबा छताकडे बघतात, दोन तुकडे जोडतात, आणि अर्थात प्रकाश किंवा विजय घालतात. खरी, जुनी, वजनदार नावं ते आपल्या बरोबरीच्या माणसांसाठी राखून ठेवतात. ढब्बूला त्यांनी खरं नाव दिलं, धातू-प्रत्ययासकट. त्याचाच मला जास्त राग येतो. खोटं देण्याइतकीही कीव केली नाही.

सोळाला वाचनालयाच्या सभागृहात त्यांचं हजारावं नाव जाहीर होणार आहे. ते तुझ्या मुलाचं. पहिल्या रांगेत तुमच्यासाठी खुर्च्या आहेत. आता तूच ठरव.

बारकी


शनिवार, ८ फेब्रुवारी

दादा,

तू म्हणालास, “तू काळजीखोर आहेस, चेष्टा केली असेल म्हाताऱ्यानं. एकदा तोंडावर विचार.” विचारलं.

सकाळी ते सभेसाठी भाषण सांगत होते आणि मी उतरवत होते. बोट जिभेला लावून जुनी कार्डं उलटत होते. त्या ओल्या कोपऱ्यांवर शाई पसरते, म्हणून मी टिपकागद घेऊनच बसते. मी म्हटलं, “बाबा, दादाकडे गेलेल्या कार्डात अवग्रह राहिलाय.”

“माहीत आहे.”

“तुम्ही पाठवायच्या आधी बघितलं होतं ना? ‘अक्षर सुरेख’ म्हणालात.”

“मग? सुरेखच होतं.”

“मग चूक का नाही दाखवलीत? एरवी एका वेलांटीसाठी कार्ड फाडायला लावता.”

त्यांनी गोळी काढून बशीला चिकटवली. “बरोबर लिहिलं असतंस तर तो आला असता का? तू चुकलीस ते बरं झालं.”

दादा, मला वाटलं होतं मी चुकून तुला आनंद दिला, आणि तो परत घ्यावा लागतोय एवढंच माझं दुःख. तसं नाही. मी गळाला लावलेलं गांडूळ होते, आणि आपणहून वळवळत होते.

मी विचारलं, “सभेत कोणता अर्थ सांगणार?”

“दोन्ही. आधी गोड, मग खरा. लोकांना श्लेष आवडतो.”

“ते तीन महिन्यांचं बाळ आहे.”

“म्हणूनच. त्याला काय कळतंय? कळायचं त्याला कळेल.” मग थोडं मऊ होऊन, शिकवायच्या आवाजात म्हणाले, “भावाच्या मुलाला संस्कृतात काय म्हणतात?”

मी कार्डाच्या कोपऱ्यावर टिपकागद दाबत राहिले.

“सांग. भ्रातृव्य. आणि दुसरा अर्थ?”

“शत्रू,” मी म्हटलं. तोंडातून आलंच. लहानपणापासूनची सवय, विचारलं की उत्तर.

“शाबास,” म्हणाले.

ती शाबासकी अंगावर पाल पडावी तशी वाटली. याच शाबासकीसाठी मी दहा वर्षांची होईपर्यंत स्वयंपाकघरातल्या त्या टेबलाखेरीज दुसरी शाळा मागितली नव्हती. अजूनही कुठेतरी, इतकुसं, बरं वाटलं. त्याचीच शिसारी आली. न्हाणीघरात जाऊन मी कोपरापर्यंत हात धुतले, जसं काही ते हाताला लागलं होतं.

परत आले तर ते म्हणाले, “एवढं काय झालंय? अनिकेत हे नाव मी शोधून काढलेलं नाही. शेकडो घरांत आहे.”

“त्या घरांतल्या लोकांच्या मनात—”

“मनात काय आहे ते व्याकरणात येत नाही,” बाबा म्हणाले. “कागदावर जे आहे ते आहे. अर्थ शब्दाचा असतो, माणसाचा नसतो. हे मी तुला कितव्या वर्षी शिकवलं?”

“सातव्या.”

“मग विसरू नकोस. लिही पुढे.”

आणि मी लिहिलं, दादा. अख्खं भाषण लिहिलं. शेवटचा परिच्छेद असा आहे की ‘माझा मुलगा लोकांना वर पाठवण्याचा व्यवसाय करतो’, इथे हंशासाठी थांबायचं, ‘तेव्हा त्याच्या मुलाला खाली घर कशाला हवं?’ मी हंशाच्या जागी कंसात ‘थांबणे’ असंही लिहिलं, त्यांनी सांगितलं म्हणून.

आईला सांगितलं नव्हतं. ती दारात लोकर घेऊन उभी होती. किती ऐकलं कोण जाणे. जेवताना एवढंच म्हणाली, “तुझे बाबा बोलतात तसे नाहीत.” गेली पस्तीस वर्षं ती हेच वाक्य वाढते आहे. मी ताटावरून उठले.

येऊ नकोस. वहिनीला घेऊन, त्या बाळाला घेऊन, पहिल्या रांगेत येऊन बसू नकोस.

बारकी


गुरुवार, १३ फेब्रुवारी

दादा,

परवा फोनवर तू फक्त “बरं” म्हणालास. मागे ढब्बू रडत होता आणि वहिनी त्याला काहीतरी गुणगुणत होती. तू आणखी एकदा “बरं” म्हणालास आणि ठेवलास. तुम्ही येत नाही हे मला समजलं. बाबांना मी सांगितलेलं नाही. त्यांनी पहिल्या रांगेतल्या खुर्च्यांवर चिठ्ठ्या चिकटवायला लावल्या आहेत, ‘राखीव’.

पण तू नसलास तरी नाव जाहीर होणारच. हजार कार्डांचा चौकोन करून भिंतीला लावणार आहेत, आणि मधली जागा या नावासाठी रिकामी ठेवली आहे. लोक टाळ्या वाजवतील. त्यातला कुणीतरी घरी जाऊन सांगेल, कुणी फोनवर टाकेल, आणि तुझं पोर मोठं झाल्यावर त्याला ते सापडेल, आजोबांच्या आवाजात, हंशासकट. तू तिकडे दार लावून बसलास म्हणून ते थांबत नाही. हे माझ्या डोक्यात चार दिवस दळण दळत होतं.

काल फळ्याची व्यवस्था बघायला मी सभागृहात गेले. वाचनालयाचा शिपाई फळा पुसत होता. मला म्हणाला, “मॅडम, सर बोलणार आणि तुम्ही लिहिणार, दरवेळसारखं? मग खडू जाड ठेवतो. हातातला कागद सोडला तर सरांना आता समोरचं दिसत नाही.”

“नाही दिसत?” मी विचारलं.

“मागच्या खेपेला माझ्याशीच हात मिळवून ‘नमस्कार अध्यक्ष’ म्हणाले की.”

मी रिकाम्या फळ्यासमोर उभी राहिले आणि ओळ मोठ्यानं म्हटली. पौत्रो मेनिकेतो भवतु. शिपाई म्हणाला, “छान वाटतं ऐकायला.” छानच वाटतं. त्यात शेपूट ऐकू येत नाही. ते फक्त लिहिणाऱ्याच्या हातात असतं.

कागदावर जे आहे ते आहे, असं तेच म्हणाले ना? मनात काय आहे ते व्याकरणात येत नाही.

तर मी असं करणार आहे. बाबा ओळ म्हणतील, मी फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहीन: पौत्रो मे निकेतो भवतु. सुटं, स्वच्छ. आणि ते गोळी काढून फोड करायला लागायच्या आत मीच लोकांकडे वळून अर्थ सांगेन. माझा नातू माझं घर होवो. निकेत, पुल्लिंगी, घर. व्याकरणात एक काना चुकलेला नाही, ते स्वतःही चूक काढू शकणार नाहीत. मग टाळ्या वाजतील. त्यानंतर त्यांच्यापुढे दोनच वाटा असतील. एक, गप्प बसून त्या टाळ्या घेणं. दुसरी, उठून सगळ्यांना सांगणं की नाही, इथे एक अवग्रह आहे, मला माझ्या नातवाला बेघर म्हणायचं होतं. श्लेषात नाही, हसत हसत नाही, सरळ. तेवढं धाडस असेल तर त्यांनी ते करावं. मी खडू पुढे करीन.

मला भीती वाटते हे तुला वेगळं सांगायला नको. काल फळ्यावर लिहून बघितलं तर ‘भ’चा दंड तिरका गेला. हे बरोबर आहे का, याचाही मी चारी बाजूंनी विचार केला. त्यांनी सांगितलेली ओळ त्यांना न विचारता बदलणं ही लबाडी आहे का? पण मी बदलत नाही. पहिल्या दिवशी जे ऐकलं तेच लिहिते आहे, आणि त्या दिवशी त्यांनी ‘अक्षर सुरेख’ म्हणून ते पास केलं होतं. मागच्या खेपेला मी ते भाबडेपणानं लिहिलं. या खेपेला समजून लिहीन. अक्षरं तीच.

त्यानंतर मला या घरात राहता येणार नाही, हे उघड आहे. माझी चप्पल दाराबाहेर ठेवायचा त्रास त्यांना देणार नाही, मी ती घालूनच बाहेर पडले असेन. थोडे दिवस तुमच्या बाहेरच्या खोलीत झोपेन. वहिनीला आधी विचार, आणि ती नाही म्हणाली तर खरं सांग, मी मैत्रिणीकडे जाईन. मला कार्डं लिहिण्याखेरीज काम येत नाही, पण अक्षर चांगलं आहे, कुठेतरी खपेल. खरं लिहायला देतील अशा ठिकाणी.

सोबत टोपी आहे. आईनं आज सकाळी शेवटचा टाका घातला आणि मी हे पत्र लिहीत होते तिथे आणून ठेवली. मी म्हटलं, “अगं, ते आल्यावर दे की.” माझ्याकडे न बघता म्हणाली, “तू पाठव. पोराचं डोकं वाढतंय, ते काय सोळा तारखेसाठी थांबणार आहे?” मग दारातून परत वळली. “आणि तुझी पण एक बॅग भरून ठेव. रविवारी गडबडीत राहून जाईल.” ती तुमच्यासाठी घातलेली गादी गुंडाळायला निघून गेली. बाबा बोलतात तसे नाहीत, हे वाक्य आज तिनं म्हटलं नाही.

नाव काय ठेवायचं ते तू आणि वहिनी ठरवा. निकेत ठेवा, नाहीतर आणखी काही. फळ्यावर लिहिलं म्हणून ते बंधन नाही. अगदी ढब्बूच ठेवलंत तरी चालेल. ढब्बू म्हणजे जाडजूड तांब्याचा पैसा, निदान तो शब्द कोशात आहे.

कुरियरवाला हे तुला उद्या देईल. वाचून मला फोन करू नकोस. तू “नको” म्हणालास तर मी ऐकेन, माझा भरवसा नाही. वकीलकाका पहिल्या रांगेत असतील, कार्डांचा चौकोन भिंतीवर असेल, तुमच्या तीन खुर्च्या रिकाम्या असतील आणि खडू माझ्या हातात असेल. बाबा “लिही” म्हणतील, आणि मी लिहीन. सकाळी दहा वाजता, रविवार, १६ फेब्रुवारी.